चोचाबाईचा आल्याचा पुरावा

बाळांनो, नीट सरसावून बसा, आणि मध्येमध्ये प्रश्न विचारू नका. एका जंगलात, म्हणजे पार समुद्रापलीकडच्या ऑस्ट्रेलियात, चोचाबाई नावाची प्लॅटिपस राहायची. तोंडाला बदकाची चोच, अंगावर मऊ केस. अंडीही घालायची आणि पिलांना दूधही पाजायची. देवाने उरल्यासुरल्या सामानातून केली असावी, पण केली होती गोड.

तिच्या बिळात दोन अंडी होती, आज फुटतील की उद्या अशी. नेमकी तेव्हाच नोटीस आली. रहिवासी दाखला दाखवा, नाहीतर बीळ रिकामं करा.

दाखले द्यायचं काम डिंगोरावांकडे. डिंगो म्हणजे तिथला पिवळट रानकुत्रा. कांगारूबाई त्यांच्या हाताखाली कारकून. सगळ्या फायली पोटाच्या पिशवीत, त्यामुळे कपाट लागत नसे.

डिंगोरावांनी अर्ज वाचला. अंडी आणि दूध, दोन्ही रकान्यांत खूण बघून त्यांना ठसका लागला, पण तेवढं त्यांनी चालवून घेतलं. घोडं अडलं ते पुढे.

“इथे कधी आलात, ते कोरं का सोडलंत?”

“आलेच नाही, साहेब. आम्ही पहिल्यापासून इथेच.”

“मग आल्याचा पुरावा?”

डिंगोरावांनी मोठ्या अभिमानाने भिंतीवरची फळी दाखवली. त्यांचे खापरपणजोबा ज्या होडीतून या देशात उतरले, तिची ती फळी. वर तारीख, खाली शिक्का. जो आलाच नाही तो इथे असेलच कसा, हे काही केल्या त्यांच्या डोक्यात शिरेना. चोचाबाईला रडूच फुटलं.

कांगारूबाईंना दया आली. त्यांनी हळूच वाट सुचवली. एकदा देशाबाहेर जा आणि परत या, अंडी माझ्या पिशवीत ठेवा, ऊब आहे.

चोचाबाईने एक ओंडका समुद्रात लोटला. किनारा दिसेनासा होईपर्यंत गेली. नाकातोंडात खारं पाणी, जीव सगळा अंड्यांपाशी. तिथून वळली ती थेट माघारी. किनाऱ्यावर डिंगोराव हार घेऊन उभे होते. त्यांनी शिक्का मारला, आणि आमचा देश तुम्हाला मानवेल हळूहळू, असा धीरही दिला.

दाखला चोचीत धरून ती पिशवीकडे धावली. अंडी फुटली होती. फायलींच्या मधोमध दोन उघडीवाघडी पिलं दूध शोधत होती. तिने दोघांना पोटाशी धरलं.

डिंगोरावांनी नवा अर्ज काढला.

“ही कुठून आली?”

“अंड्यातून.”

“अंडं कुठल्या बंदरातून सुटलं होतं?”

चोचाबाईने पिलांना पाजलं, पाठीवर घेतलं आणि ओंडका पुन्हा पाण्यात ढकलला.

तात्पर्य: बाळांनो, ज्या गावात जन्मायचं असेल, तिथे जन्माआधी एकदा बाहेरून येऊन ठेवा. आणि आलात की ओंडका फेकू नका, मुलाबाळांना लागतो.