पॅड लावून ऑफिसला

आमच्या कन्येने शनिवारच्या शर्यतीतून नाव काढून घेतलं, तेव्हा मी फक्त "का?" एवढंच विचारलं. (माझ्यावरची सगळी संकटं या एका अक्षरापासून सुरू होतात.)

"पाळी आलीये बाबा. पळताना पॅड सरकलं तर?"

वर्षभर पहाटे उठून पळणारी मुलगी, आणि तिला अडवणारी वस्तू माझ्या चष्म्याच्या डबीएवढी. मला राहवेना. बायको म्हणाली, "अहो, तुम्हाला त्यातलं काय कळतंय?" हे मात्र लागलं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी कपाटातून एक पॅड हळूच काढलं, बाथरूमची कडी लावली आणि ते लावूनच ऑफिसला निघालो. दिवसभर चालून, पळून बघायचं आणि संध्याकाळी पोरीला अनुभवाचे बोल ऐकवायचे, असा बेत होता.

पहिल्याच जिन्यावर डोळ्यांत पाणी आलं. पावलागणिक कोणीतरी चिमटे काढत होतं. बायका हे दर महिन्याला सोसतात आणि वर आपल्याशी हसून बोलतात, या विचाराने मला अगदी भरून आलं.

खुर्चीच्या कडेवर मी बेताने टेकतोय, तोच हेडक्लार्क खणखणीत आवाजात म्हणाले, "मूळव्याध?"

झालं. सगळं ऑफिस गोळा झालं. कॅशियरने स्वतःच्या मूळव्याधीचा साद्यंत इतिहास सांगितला, शिपायाने औषध सुचवलं, साहेबांनी तर आपली मऊ गादी पाठवली.

"मूळव्याध नाही हो," मी म्हणालो. "पॅड लावलंय. पाळीचं."

हेडक्लार्क कुजबुजले, "अहो, चारचौघांत काय हे बोलणं?" साहेबांनी गादी परत मागवली.

टायपिस्ट बाईंनी तेवढी खुर्ची जवळ ओढली. "कसं वाटतंय?"

"सोलून निघतोय."

"सोलून?" त्या विचारात पडल्या. "आम्ही नाही बाई कधी सोलून निघालो."

संध्याकाळी मायलेकींसमोर मी अहवाल सादर केला. चार जिने चढलो, बसमागे धावलो. पॅड तसूभर सरकलं नाही, पण वेदना भयंकर. "आणि काढताना तर ब्रह्मांड आठवलं. निम्मे केस गेले."

"केस?" बायको म्हणाली.

लेकीने मला नीट निरखलं. "बाबा, चिकट बाजू कुठे लावलीस?"

"अंगाला. सरकू नये म्हणून."

बायको हसत हसत जमिनीवरच बसली. लेक मात्र बूट शोधायला उठली.

"कुठे निघालीस?"

"सरांकडे, नाव परत घालायला. तू उलटं लावून बसमागे धावलास. मला तर सुलटं लावायचंय."