भाषेचा रकाना

लाटंबार्से येथील वाचनालयातले तिसरे कपाट पाठीमागून दुसऱ्या जगांत उघडत असे, याचे गावाला विशेष काही वाटत नव्हते. सात जगांचे मिळून ते एकच सामाईक ग्रंथालय होते. इकडचे पुस्तक तिकडे जाई, तिकडचे इकडे येई, आणि परत करायला उशीर झाला तर पलीकडची तीन हातांची ग्रंथपालीण तिन्ही हातांनी चिठ्ठ्या पाठवी. तिकडच्या पुस्तकांना खोड एकच होती. माणूस मनातल्या मनात स्वतःशी ज्या भाषेत बोलतो, त्याच भाषेत ती त्याला दिसत. त्यामुळे ग्रंथपाल कृष्णनाथांची निम्मी कटकट वाचली होती.

सत्याऐंशी साली गोव्याला घटकराज्याचा दर्जा मिळाला आणि वाचनालयाला परिपत्रक. प्रत्येक ग्रंथाची भाषा नोंदवावी. रकाने दोन, मराठी आणि कोकणी. ज्याची भाषा ठरणार नाही तो ग्रंथ ज्या कपाटात असेल, ते कपाट सील करण्यात येईल. कृष्णनाथ अकरा वर्षे हंगामी होते आणि त्यांना कायम करण्याची फाईल त्याच कचेरीत लोळत होती. त्यांनी दोन्ही रकान्यांच्या मधल्या रेघेवर लिहिले, 'वाचणाऱ्याची'. शहाण्या माणसाने सरकारी कागदावर इतके खरे लिहू नये.

"सदर भाषा यादीत आढळत नाही," असे उत्तर आले आणि पाठोपाठ द्विसदस्यीय समिती आली. गोकुळदास मराठीसाठी दोनदा तुरुंगात गेलेले, बाबुराव कोकणीसाठी दोनदा. समतोल राखावा म्हणून दोघांना एकाच उंचीच्या खुर्च्या आणि सारखेच काजूगर देण्यात आले.

कोपऱ्यात चंद्रावतीकाकी वाचत बसली होती. शाळेचे तोंड न पाहिलेल्या या बाईने साठीत कृष्णनाथांकडे अक्षरे गिरवली होती, ती या कपाटासाठीच. हातात होडीवालीची कथा होती. होडीवालीची लेक नदीपल्याड हरवली होती आणि पंधरा पाने उरली होती.

"काकी, पुस्तक द्या. समितीला हवंय."

"दितंय रे किश्ना. लेक गावता काय ना, तितकां बघू दी."

पुस्तक काढून घेण्यात आले. गोकुळदासांनी ते उघडले मात्र, आणि त्यांचा चेहरा उतरला. होडीवाली लेकीला पेडण्याच्या अस्सल कोकणीत हाका मारत होती. त्यांनी घाईघाईने पुस्तक बाबुरावांकडे सरकवले. बाबुरावांसमोर तीच बाई स्वच्छ मराठीत रडू लागली.

"तुमकां कितें दिसलें?" बाबुरावांनी घाम पुसत विचारले.

"आधी तुम्ही सांगा."

"म्हाका? कांयच ना."

"मलाही काही नाही. पानं कोरी आहेत!"

दोन्ही पक्षांचे एकमत होण्याचा तो पहिलाच प्रसंग होता. दोघांनी उठून हस्तांदोलन केले.

"कोरां खंय?" चंद्रावतीकाकीने पुस्तक हिसकावले. "ह्यां बघा, हंय लिवलां! 'गो बाय, खंय गेलंस?' डोळे फुटले काय तुमचे?"

समितीने काकीचा शाळेचा दाखला मागितला. तो नव्हता. शिरगणतीत काकी निरक्षर होती, म्हणून हे वाचन नसून पाठांतर आहे, अशी नोंद झाली. कपाटातली चारशे बारा पुस्तके कोरी ठरली. कोरे ते पुस्तक नव्हे, लेखनसामग्री होय, सबब ती भांडारात जमा करावी, असा निष्कर्ष निघाला. फक्त वाचकांच्या साक्षी हव्या होत्या.

कृष्णनाथ घरोघर फिरले. वर्षानुवर्षे पुस्तके नेणारा प्रत्येक जण दारातच विचारी, "वाचूक येता म्हटल्यार फुडें कितें विचारतले?"

"कुठल्या भाषेत, ते."

"मगे कोरांच. हाड सही," म्हणत तो कागद पुढे ओढी.

काकी सोडून अडतीस वाचक होते, अडतीस सह्या झाल्या. एकोणचाळिसावी कृष्णनाथांची. सही करण्याआधी त्यांनी होडीवालीची उरलेली पंधरा पाने उभ्याउभ्याच वाचून काढली. कुठल्या भाषेत, ते त्यांनी बायकोलाही सांगितले नाही. आठवड्यात ते कायम झाले.

पुस्तके भांडारात गेली आणि रिकाम्या कपाटाला लाख लागली. फटीतून एक चिठ्ठी आली, 'तुमच्याकडे वाचणारे कुणी उरले नाही काय?' आवक क्रमांक टाकून ती फाईल करण्यात आली.

काकी मात्र रोज येऊन बंद कपाटासमोर बसू लागली. एके दिवशी तिने कृष्णनाथांचा हात धरला.

"किश्ना, तुवें तरी वाचलंस मरे? गावली काय ती लेक?"

लेक सापडली होती. शेवटून दुसऱ्या पानावर, आईच्याच होडीत. कृष्णनाथांच्या ते अगदी ओठावर आले.

"काकी," ते म्हणाले, "पानं कोरी होती."

तुम्हाला त्यांचा संताप आला असेल. अवश्य यावा. मात्र तो मनातल्या मनात कुठल्या भाषेत आला, तेवढे लिहून खाली सही करा. नसेल जमत तर एकोणचाळिसाव्या सहीखाली अजून बरीच जागा आहे.