प्रगतीचा दुखवटा

आमच्या सोसायटीत नवीन काहीही आलं की टिपणीस सर दोन मिनिटं स्तब्ध उभे राहायचे.

थट्टा नाही करत. पाण्याच्या टाकीला पंप बसला, मी सेक्रेटरी म्हणून नारळ फोडला, पेढा तोंडात टाकणार एवढ्यात मागून आवाज आला, "थांबा. आलं काय ते दिसलं. गेलं काय ते बोला." आणि सर मान खाली घालून उभे. आता एक माणूस असा उभा राहिल्यावर बाकीच्यांनी पेढा चघळायचा कसा? झालं, सगळेच उभे राहिले. कोण गेलं ते कुणालाच माहीत नाही. तळमजल्यावरच्या काकू तर डोळे पुसत घरात गेल्या. मागाहून कळलं, दुखवटा खालच्या नळावरच्या रांगेचा होता. रांगेत भांडणं व्हायची, मान्य, पण भांडायला तरी माणसं एकमेकांना भेटायची, असं सरांचं म्हणणं.

सोसायटीचं नाव 'प्रगती'. मुंबईबाहेर आचोळ्यात भाताची शेतं बुजवून ज्या इमारती उठल्या त्यांतलीच एक. बिल्डरने प्रगती, उन्नती, समृद्धी अशी एका दमात बारशी उरकलेली. सर मात्र आपला पत्ता 'तथाकथित प्रगती, तिसरा मजला' असा लिहायचे. पोस्टमनने एकदा मला विचारलं, "साहेब, ही तथाकथित म्हणजे नवीन विंग काढली का?"

आता माझं सांगतो. मी परब, सरांच्या बरोब्बर खाली, दुसऱ्या मजल्यावर राहायचो. नोकरी जकात नाक्यावर. ट्रकवाला "कांदे आहेत" म्हणाला की मी मान डोलावणार आणि ताडपत्री वर करून बघणार. उभा जन्म यात गेल्यावर स्वभाव तसाच होतो. एखादा माणूस फार सरळ दिसला की मला वाटतं, पाणी कुठेतरी मुरतंय.

सर फारच सरळ दिसायचे. मुंबईच्या एका कॉलेजात पाश्चात्त्य विचारांचा इतिहास शिकवून निवृत्त झालेले. बायको इथे राहायला येण्याआधीच वारलेली. एकुलती मुलगी मेधा लग्न होऊन भोपाळला. घरात टीव्ही नाही, फ्रीज नाही, मिक्सर तर नाहीच. मिक्सरवरून सोसायटीच्या वार्षिक सभेत जो तमाशा झाला तो अजून आठवतो. सभेचा पहिला विषय नेहमीप्रमाणे दुखवटा. वर्षभरात कुणी सभासद गेला होता का, नव्हता. मी पुढे सरकणार तोच सर उठले, "पाटा-वरवंटा यांच्या निधनाबद्दल ही सभा शोक व्यक्त करते, असा ठराव मांडतो." बायकांच्या रांगेतून आमची सुनंदा ताडकन उभी राहिली. "शोक कसला, सर? पाटा गेला तशी माझ्या खांद्याची कळ गेली. पेढे वाटा!" हॉलभर हशा झाला. सर चिडतील असं वाटलं, तर हा माणूस टाळ्या वाजवतोय! "वहिनी, शाब्बास! तीस वर्षं शिकवलं, पण एकाही विद्यार्थ्याने मला असं गप्प नाही केलं." म्हणजे विरोध करणारा माणूस विरोध केल्यावर खूष होतो. मला हेही संशयास्पदच वाटलं.

हा माणूस आमच्या घरात शिरला तो फोनमुळे. इमारतीतला पहिला फोन आमच्याकडे आला. त्या काळी ज्याच्याकडे फोन नसे तो शेजाऱ्याचा नंबर बिनधास्त वाटायचा आणि पुढे 'पी. पी.' लिहायचा. आमचा नंबर अख्ख्या इमारतीचा पी. पी. झाला. मेधाचा फोन रविवारी सकाळी यायचा. सर इस्त्रीचा शर्ट घालून आधीच येऊन बसलेले असायचे, जणू मुलगी तारेतून उतरून समोरच येणार आहे. बोलणं दोन मिनिटांचं. "बरा आहे. जेवतो. हो, स्वेटर आहे." फोन ठेवला की सुनंदा विचारणार, "काय म्हणते मेधा?" मग चहा, पोहे, आणि तासभर युरोप.

"परब, पूर्वी माणसाला वाटायचं, चांगले दिवस मागे होऊन गेले. आपल्याकडे सत्ययुग, त्यांच्याकडे सुवर्णयुग. मग दोन-तीनशे वर्षांपूर्वी युरोपातल्या शहाण्यांनी ठरवलं, छे, चांगले दिवस पुढे आहेत. स्वर्ग आपला वर होता. यांनी तो खाली काढला आणि पुढे नेऊन ठेवला. लोक वर बघायचे ते पुढे बघायला लागले. आता मला सांगा, समोर कोण बसलंय ते बघायचं कुणी?"

समोर मी बसलेलो असायचो, पेपर मांडीवर, वाचायचा राहिलेला.

त्या मोठमोठ्या विचारवंतांची नावं सर कधी घ्यायचे नाहीत. एक होता 'लपलेला'. तो फ्रान्समधला. क्रांतीच्या बाजूचा, आणि त्याला पकडायचा हुकूम क्रांतीवाल्यांनीच काढला. एका बाईच्या घरात लपून बसला आणि तिथे त्याने काय लिहावं? माणूस सुधारतच जाणार, त्याला अंतच नाही! "बाहेर मुंडकी उडताहेत, आणि हा आत बसून हे लिहितोय. शेवटी पकडला, तुरुंगात मेला. याला भाबडा म्हणावं की थोर, माझं अजून ठरलेलं नाही," सर म्हणायचे.

दुसरा 'घड्याळजीचा पोरगा', जिनिव्हाचा. तो म्हणाला, विद्या वाढली, कला वाढल्या, तसा माणूस बिघडत गेला. जो तो दुसऱ्याच्या नजरेत आपण कसे दिसतो तेच बघायला लागला. सुनंदाला बरेच महिने वाटत होतं की हा बी विंगमधल्या घड्याळ दुरुस्तीवाल्यांचा मुलगा. त्यात सर एकदा बोलून गेले, त्याने स्वतःची पोरं जन्मल्या जन्मल्या अनाथालयात टाकली. सुनंदाने बी विंगच्या त्या बाईंशी बोलणंच टाकलं! शेवटी मीच उलगडा केला. तेव्हा ती सरांना म्हणाली, "म्हणजे स्वतःची पोरं टाकली आणि जगाला शहाणपण शिकवलं? लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण!"

"तेवढं सोडलं तर बरोबर होता हो, वहिनी," सर कळवळून म्हणाले.

तेवढं सोडलं तर! माझ्या डोक्यात ते वाक्य अडकून बसलं. कोरडा पाषाण समोरच्या खुर्चीत बसून आमचे पोहे खात नसेल कशावरून?

पुढे फोन स्वस्त झाले, अर्ज केला की पंधरवड्यात मिळायला लागले. घरोघरी घंटा वाजू लागल्या. आमच्याकडे फोनसाठी येणारे हळूहळू बंद झाले. राहिले एकटे सर. मला माझा रविवार परत हवा होता. एकदा पोहे संपल्यावर मी सरळ विषय काढला, "सर, आता घेऊन टाका की तुम्हीपण. फॉर्म मी आणून देतो. घरबसल्या बोलता येईल."

वाटलं, आता दोन मिनिटं उभे राहतील. पण सरांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. "बघू," म्हणाले. पुढच्या रविवारी आले ते खुर्चीच्या कडेवर बसले. फोन झाला तसे उठले. चहा नको, पोहे नकोत, युरोप नको. सुनंदा माझ्यावर उखडली. "कशाला बोललात? त्यांचा एवढा एक रविवार असतो. तो पण काढून घ्या त्यांचा!"

"अगं, पण फोन घ्यायला काय जातंय त्यांना?" मी म्हटलं. मला खरंच कळत नव्हतं. आणि कळलं नाही की माझं डोकं जकात नाक्यावर जातं.

त्याच आठवड्यात टाकी बघायला गच्चीवर गेलो. खाली वाकून बघतो तर टेलिफोनची काळी वायर भिंतीवरून उतरत सरांच्या खिडकीत शिरलेली. जुनी. धूळ बसलेली. बोंबला! लाइनमन आमचा फोन दुरुस्त करायला आला तेव्हा चहा पाजून त्याला विचारलं. "ती होय? ती कधीची चालू आहे, साहेब," तो म्हणाला आणि नंबरही देऊन गेला.

म्हणजे प्रगतीचे दुखवटे पाळणारा हा माणूस घरात फोन लपवून बसला होता! आणि बोलायला आमच्याकडे! का? बिल वाचवायला? येणाऱ्या फोनचं बिल येत नाही. मग आमच्या घरात बघण्यासारखं आहे तरी काय? मी रात्री कपाटाचं कुलूप दोनदा ओढून बघायला लागलो.

रविवार उजाडला. सर यायच्या आधीच मी बेत सांगितला. मी वर जातो, दार उघडलं की सुनंदाने इथून तो नंबर फिरवायचा, मुद्देमालासकट पकडायचं. "मला नाही आवडत हे असलं," ती म्हणाली. पण नंबर तिने घेतला. उत्सुकता तिलाही होतीच.

सरांनी दार उघडलं. इस्त्रीचा शर्ट अंगात, केस ओले करून चापून बसवलेले. "निघतच होतो," ते म्हणाले. "आत्ताशी पावणेदहा झालेत ना?" मी आत शिरलो. खोलीत पुस्तकं, एक खाट, एकच खुर्ची. कोपऱ्यात स्टुलावर क्रोशाचा रुमाल घातलेलं काहीतरी. ते वाजलं.

सर जागच्या जागी थिजले. घंटा वाजत राहिली. मी रुमाल उचलला. राखाडी रंगाचा, नवाकोरा फोन. बटणांवर बोट लागल्याची खूण नाही.

"मेधाने बसवून दिला," सर हळूच म्हणाले. "मागल्या वर्षी दिवाळीला आली होती तेव्हा. तुमच्या आधीपासून सांगत होती, घ्या, घ्या."

"मग आमच्याकडे कशाला येता, सर?" माझा आवाज नको तेवढा चढला.

घंटा थांबली. सर खाटेवर बसले. त्यांच्या त्या मोठमोठ्या लोकांपैकी कुणीतरी आता मदतीला येईल असं मला वाटत होतं. कुणी आलं नाही.

"एकदा बोललो यावर," ते म्हणाले. "आवाज छान येतो. बरा आहे, जेवतो, सगळं सांगितलं. ठेवला. आणि मग बसून राहिलो, परब. पोरगी म्हणत होती, तिला बढती मिळाली. आता हे मी सांगू कुणाला? खाली तुमच्याकडे बोललो की वहिनी विचारतात, काय म्हणते मेधा. मग मी सांगतो. सांगितलं की ते मला खरं वाटतं. इथे विचारायला कोण आहे?" मग म्हणाले, "मेधाला सांगितलंय, हा नंबर अगदी अडचणीला ठेव. तुम्ही म्हणालात, फोन घ्या. तेव्हापासून विचार करतोय, आता कुठलं निमित्त काढू."

आयुष्यभर ताडपत्र्या उचलल्या, पण असा माल कधी सापडला नव्हता.

फोन पुन्हा वाजला. सुनंदाच असणार. बास झालं म्हणून तिला सांगावं, म्हणून मी उचलला.

"बाबा? खालचा नंबर मघापासून एंगेज येतोय, म्हणून इथे केला," मेधा म्हणाली. भोपाळहून इतका स्वच्छ आवाज की तिच्या मागे कुकरची शिट्टी झाली तीसुद्धा ऐकू आली.

मी सरांकडे बघितलं. ते जमिनीकडे बघत होते.

"हॅलो? कोण?" मी ओरडलो. "मी खालचा परब! काही ऐकू येत नाही हो, नुसती खरखर आहे! हा फोन काही कामाचा नाही! मी सरांना घेऊन खाली जातोय, तुम्ही पाच मिनिटांनी आमच्याकडे करा! हो, आमच्याकडेच! दर रविवारी!"