इथं कुणी राहत नाही

भाच्याच्या, कर्टिसच्या बँडचा पहिला अल्बम आला, तेव्हा व्हर्ना आत्याने तो धड बघितलासुद्धा नाही. पाकिटासकट थेट चर्चच्या जेवणाला नेला, तिथं पाकीट फोडलं आणि मॅकरोनीच्या भांड्यांमध्ये कौतुकाने उभा केला. बायका बघायला पुढे सरसावल्या. अल्बमच्या वेष्टनावर पोपडे उडालेलं, ओसरी खचलेलं एक घर होतं आणि वर नाव, ‘इथं कुणी राहत नाही’.

"व्हर्ना," डोरिस हळूच म्हणाली, "हे तुझं घर ना गं?"

आत्याच्या हातातला डाव हातातच राहिला. घर तिचंच होतं. उन्हाळ्यात एका रविवारी ती प्रार्थनेला गेलेली बघून कर्टिसने फोटोवाला आणला, दोरीवरचे कपडे काढले, फुलांच्या कुंड्या मागे लपवल्या आणि काम उरकलं. या मंडळींच्या गाण्यांना सगळंच मोडकं लागतं, गाडी काय, कुंपण काय, संसार काय. आत्या रेडिओवर फक्त हवामान ऐकते, तिला कळतंय कशाला, असा त्याचा होरा. नवरा गेल्यापासून घराला रंग लागला नव्हता हे गावाला ठाऊक होतं. पण ठाऊक असणं वेगळं आणि छापून दुकानात मांडणं वेगळं.

"मला जिवंतपणी मारलं की गं यानं," आत्या म्हणाली आणि तिला खरंच रडू फुटलं.

इलिनॉयच्या त्या भागात बाई रडली की कुणी नुसतं सांत्वन करून थांबत नाही. शनिवारी उजाडताच अर्धं चर्च शिड्या आणि रंगाचे डबे घेऊन दारात हजर झालं. आत्या नको नको म्हणत राहिली, पण दुपारपर्यंत ओसरी सरळ झाली आणि भिंती पांढऱ्याशुभ्र.

नेमका तेव्हाच कर्टिस बँडला आणि शिकागोच्या एका वर्तमानपत्राच्या फोटोग्राफरला घेऊन आला. त्या ओसरीवरच्या फोटोवर बँडमधल्या चौघांचं नशीब टांगलेलं होतं. कर्टिस गाडीतून उतरला आणि थेट ओसरीकडे धावला.

"आत्या, हे काय केलंस? माझं घर कुठाय?"

"तुझं ठाऊक नाही बाबा. माझं हे इथंच आहे. राहते मी त्यात."

फोटोग्राफरही अवघडला. पडकं काहीतरी टिपून आणा, असं संपादकांनी बजावलं होतं म्हणाला. आत्याने चौघांच्या वाढलेल्या दाढ्या, विटलेले शर्ट आणि फाटक्या तुमानी सावकाश न्याहाळल्या.

"मग यांचाच काढा की. घराची डागडुजी झाली, यांची राहिलीय."

फोटोग्राफरने हसत कॅमेरा उचलला. फोटो रविवारच्या अंकात मोठा छापून आला. त्यात कर्टिसच्या तोंडावर जेवढं दुःख आहे, तेवढं अख्ख्या अल्बममध्ये नाही.