रंगारी सरांनी न विचारलेला प्रश्न

रंगारी सर आमच्या घरी पहिल्यांदा चहाला आले तेव्हा त्यांनी दारात चपला काढल्या, माझ्या सासूबाईंना नमस्कार केला आणि खुर्चीकडे न जाता सरळ खिडकीशी जाऊन आमच्या कूलरची मागची जाळी काढली. मग डोकं आत घातलं. आतून घुमणारा आवाज आला, "मॅडम, तुमच्याइथं तं पावने उतरले आहेत!"

पाहुणे म्हणजे डासांच्या अळ्या. सरांनी टाकीतलं पाणी अंगणात ओतायला लावलं, टाकी घासून घेतली (माझ्याकडून) आणि मगच चहा घेतला. तोवर चहा निवला होता, पण सर खूश होते.

मी सिहोऱ्याच्या कनिष्ठ महाविद्यालयात मराठी शिकवते, सर जीवशास्त्र. आमच्या दोन घरांत एकच भिंत. त्यामुळे 'वाहक' हा शब्द मी जितक्या वेळा ऐकलाय तितका एस.टी. महामंडळानेही छापला नसेल. वाहक म्हणजे इंग्रजीतला व्हेक्टर: एका जिवातून दुसऱ्या जिवात काहीतरी पोचवणारा. डास हा रोग नव्हे, रोगाचा वाहक. सरांना सगळं जग असंच दिसायचं. कोणी काहीही सांगितलं की त्यांचा प्रश्न ठरलेला, "ते ठीक आहे. पन वाहक कोन?" उद्या सुट्टी आहे अशी बातमी आली आणि ती शिपायाने आणली असं कळलं, की सर डस्टर उचलून शांतपणे तासाला जात.

एकदा सहलीला तुमसरहून एस.टी. पकडली. कंडक्टरच्या सीटवर 'वाहक' लिहिलेलं पाहून सर तिथेच मुलांना शिकवायला लागले. "हे पाहा, व्हेक्टर! याले स्वतःले कुठं जाचं नसते, हा दुसऱ्याइले पोचवते. डासाचं काम अन् याचं काम एकच!"

कंडक्टर उभाच राहिला. "सर, मले काही रोग नाही. तिकीट घ्या."

माझ्या सासूबाईंना मधुमेह. सरांनी एकदा आमच्या फ्रिजमधली इन्सुलिनची शीशी हातात घेतली आणि तिथेच, फ्रिजचं दार उघडं ठेवून, तिचा जन्म सांगितला. माणसाचा इन्सुलिनचा जीन घ्यायचा. जीन म्हणजे नुसता निरोप. निरोपाला पाय नसतात. तो जिवाणूत पोचवायला प्लाझमिड नावाची डीएनएची एक गोल कडी असते. ती कापायची, तिच्यात निरोप जोडायचा आणि कडी जिवाणूत सोडायची. मग जिवाणू इन्सुलिन तयार करत बसतो.

"म्हंजे मी जंतूनं केलेलं खाऊन राहिली?" सासूबाई घाबरल्या.

"खाऊन नाही आजी, टोचून."

त्या संध्याकाळी सुई घेण्याआधी सासूबाईंनी शीशीला हात जोडले.

पण सर खरे रंगायचे ते विषाणूवर आले की. घरी शिकवणी चालली की त्यांचा आवाज भिंतीतून आमच्या स्वयंपाकघरात येई. "पेशीच्या दाराची कडी कशी उघडाची हे विषाणूले बरोबर मालूम असते. मंग आपन काय कराचं? त्याच्या पोटातला रोगाचा माल काढून टाकाचा, अन् तिथं चांगला जीन भराचा. दार थो उघडीन, काम आपलं होईन!" आणि मग, आवाज जरा उतरवून, "एक दिवस सिकलसेल असाच बरा होईन. बाहेर देशात सुरू झालं आहे. इथंबी येईन."

हे वाक्य ते दरवर्षी प्रत्येक वर्गाला सांगत, आणि आमच्या भागात ते वाक्य कोणी नुसतं ऐकून सोडत नाही. इथे घराघरात हा रक्ताचा आजार आहे. सरांच्या घरातही होता. त्यांची मुलगी सुजाता तुमसरला बी.ए. करत होती, कधी अचानक हाडं दुखायला लागत आणि ती चार-चार दिवस अंथरुणाला खिळे. ज्याच्या रक्तात आजाराचा एकच जीन असतो, ज्याला स्वतःला त्रास होत नाही, त्याच्या रिपोर्टवर मराठीत 'वाहक' असंच लिहितात. सरांच्या रिपोर्टवर ते लिहिलेलं होतं. त्यांच्या पत्नी वंदनाताईंच्याही, आणि दोघांकडूनही तो जीन मिळाला की मूल आजारी होतं. लग्नाच्या वेळी तपासणी करायची असते हे दोघांनाही माहीत नव्हतं. हे मला वंदनाताईंनी एकदा तांदूळ निवडताना सांगितलं आणि सुपातलं आमच्या कोंबड्यांना टाकून दिलं, खडे आणि तांदूळ दोन्ही.

गेल्या वर्षी भाताची रोवणी संपत आली होती तेव्हा तो माणूस आला. इस्त्रीचा शर्ट, पांढरी गाडी, गोड बोली. सरांच्या ओसरीवर मीही बसले होते.

"एकच इंजेक्शन," तो म्हणाला. "जीन थेरपी. आजारी जीन जातो, निरोगी जीन येतो. तुमच्या भागातल्या मुलांसाठी आम्ही शिबिर घेतोय. सर, लोक तुमचं ऐकतात असं कळलं."

मी सरांच्या प्रश्नाची वाट पाहत बसले. मला मनातून थोडं हसूही येत होतं, की आता हा इस्त्रीचा शर्ट चुरगळणार. सरांनी चष्मा काढला, सदऱ्याच्या टोकाने पुसला, परत घातला.

"चहा घेता का?" त्यांनी विचारलं.

एवढंच.

तो गेल्यावर मी म्हटलं, "सर, तुम्ही विचारलं नाहीत."

"काय?"

"वाहक कोण ते."

"विचारीन," सर म्हणाले. "घाई काय आहे?"

त्यांनी विचारलं नाही. उलट समाजमंदिराची किल्ली त्यांनीच आणली. कुणाकुणाच्या घरी आजारी मूल आहे तिथे त्यांनी स्वतः जाऊन निरोप दिला. सर म्हणतात म्हटल्यावर नाकाडोंगरीकडूनही लोक यायचं ठरलं. त्या दिवसांत सरांनी एकाही कूलरमध्ये डोकं घातलं नाही. शिपायाने आणलेल्या बातम्या मुकाट ऐकून घेतल्या. आणि भिंतीपलीकडून हसण्याचे आवाज येऊ लागले. वंदनाताईंचं हसणं मी तेव्हा पहिल्यांदा इतक्या मोठ्याने ऐकलं. मला आनंद व्हायला हवा होता. मला भीती वाटत होती. मी दोनदा बोलायला गेले आणि दोन्ही वेळा सर "मॅडम, बाजारात जाचं आहे" म्हणून उठले.

शिबिराच्या सकाळी समाजमंदिर भरून गेलं. पहिल्या खुर्चीवर परी बसली होती, पाच-सहा वर्षांची. तिची आई ज्योती रोवणीला जाते. तिच्या पायांच्या भेगांत चिखल अजून तसाच होता. "मंग मी शाळेत पळीन ना?" परी तिला सारखी विचारत होती. दुसऱ्या खुर्चीवर सुजाता, बाही वर केलेली. वंदनाताई तिच्यामागे. सर दाराशी उभे राहून किल्ली या हातातून त्या हातात करत होते.

त्या माणसाने बर्फाच्या डब्यातून शीशी काढली. सुई भरली. परीचा दंड कापसाने पुसला.

"थांबा," सर म्हणाले.

आवाज इतका बारीक होता की पहिल्यांदा कोणी वळलंच नाही. मग सर पुढे आले.

"वाहक कोन?"

तो माणूस गोंधळला. "ड्रायव्हर? तो बाहेर गाडीत आहे, सर. का, कुणाची वाट अडतेय का?"

मागे कोणीतरी हसलं. सर हसले नाहीत. "ह्या औषधातला वाहक. जीन आत कोन नेते? विषाणू कोनता वापरला?"

आता त्या माणसाला सूर सापडला. तो लोकांकडे वळला. "विषाणू? छे, छे! आमच्या औषधात व्हायरसचा थेंबसुद्धा नाही. शंभर टक्के शुद्ध!"

लोकांनी टाळ्या वाजवल्या. कोरोना पाहिलेली माणसं ती. व्हायरस नाही म्हटल्यावर आणखी काय पाहिजे? त्या टाळ्यांत सर एकटे उभे होते आणि त्यांचा चेहरा पांढरा पडला होता.

"मंग जीन आत जाते कसा?" त्यांनी टाळ्या थांबल्यावर विचारलं.

"रक्तातून, सर. सुईने."

सरांनी परीच्या दंडावर आपला पंजा ठेवला. सुई आता त्यांच्याच हातात टोचावी लागली असती. "ऐका," ते लोकांना म्हणाले. "माणसाच्या हाडातल्या पेशी पयले बाहेर काढा लागते. मोठ्या दवाखान्यात वाहक त्याइच्यात जीन नेऊन सोडते. मंग थ्या पेशी वापस. लय दिवस भरती राहा लागते. खुर्चीवर बसून दंडात सुई टोचली अन् झालं, असं होत नाही. ह्या शीशीत काय आहे मले मालूम नाही. पन जीन नाही."

"सर, बाजूले व्हा," ज्योती म्हणाली.

सर हलले नाहीत.

"तुमीच तं आले होते ना आमच्या घरी सांगाले?"

"हो."

"मंग आज काहून अडवून राहिले?"

तो माणूस तेवढ्यात मऊ आवाजात म्हणाला, "सर, तुमची स्वतःची मुलगी पुढच्याच खुर्चीवर आहे. निदान तिचा तरी विचार करा."

सरांनी सुजाताकडे पाहिलं. वंदनाताईंचे हात तिच्या खांद्यांवर घट्ट होते.

"ऊठ बाई," सर म्हणाले.

सुजाता उठली. बाही खाली केली.

मी फोन काढला आणि ग्रामीण रुग्णालयातल्या डॉक्टरांना, सगळ्यांना ऐकू जाईल इतक्या मोठ्याने, इथे काय चाललंय ते सांगायला लागले. माझं बोलणं पुरं व्हायच्या आत बर्फाचा डबा बंद झाला होता. गाडी धुरळा उडवत गेली. ते लोक पुढे कुठे गेले ते कळलं नाही.

कोणी सरांचे आभार मानले नाहीत. लोक त्यांच्याकडे न पाहता चपला घालून गेले. ज्योतीने परीला कडेवर घेतलं. "पोरीले आता काय सांगू, तुमीच सांगा," ती म्हणाली, आणि न थांबता गेली. बऱ्याच दिवसांनी सर तिच्या दारात जाऊन उभे राहिले, तेव्हा कुठे ती परीला घेऊन त्यांच्यासोबत रुग्णालयात गेली आणि परीच्या गोळ्या सुरू झाल्या. तोवर ती रस्त्यात सर दिसले की पदर ओढून वळायची.

त्या दुपारी सर ओसरीवर एकटेच बसले होते. मी जाऊन बसले.

"मले पयल्याच दिवशी मालूम होतं, मॅडम," ते म्हणाले. "विचारलं असतं तं थो तिथंच खलास होता. म्हनून विचारलं नाही."

त्यांनी समाजमंदिराची किल्ली खिशातून काढून बाजूला ठेवली.

"आमी दोघं सुजाताच्या लग्नाचं बोलून राहिलो होतो. पोरगा कसा पाहाचा, जेवनात काय ठेवाचं. तिच्या जन्मापासून कधी बोललो नव्हतो." त्यांनी चष्मा काढला. "थोडे दिवस अजून पाहिजे होते मले. पन थो परीचा दंड पुसून राहिला ना..."



त्याच आठवड्यात सुजाताचं दुखणं उठलं. मी तिच्या उशाशी बसले होते. सर आत मिठाची पुरचुंडी तव्यावर गरम करत होते. सुजाता डोळे मिटूनच बोलली. "मॅडम, बारावीपर्यंत मी बाबाच्याच वर्गात शिकली. हाडातल्या पेशी काढा लागते, हे त्याइनंच शिकवलं होतं मले."

"मग तुला माहीत होतं?"

"हो."

"आणि तरी खुर्चीवर बसलीस?"

"परीले बसवलं तवा मी तोंड उघडलंच होतं. बाबा आधी बोलले." तिने दुखणाऱ्या गुडघ्यावरून हात फिरवला. "बाबा कितीक दिवसांनं नीट झोपून राहिले होते, मॅडम. म्हटलं, झोपू दे थोडं."

आतून पावलं वाजली. तिने डोळे उघडून माझ्याकडे पाहिलं आणि मान हलवली, सांगू नका. सर पुरचुंडी घेऊन आले. आधी ती स्वतःच्या गालाला लावून पाहिली, आणि मग तिच्या गुडघ्यावर ठेवली.

"पोळते का?"

"नाही, बाबा," ती म्हणाली, आणि त्यांना बसायला जागा करून देण्यासाठी भिंतीकडे सरकली.