फ्लॉपीत ठेवलेलं पत्र

शालिग्रामनानांचा जीव सोमवारपासून थाऱ्यावर नव्हता. आदल्या दिवशी भुसावळला रेल्वेच्या निवृत्त कारकुनांचा मेळावा झाला. सव्वीस वर्षं शेजारच्या टेबलावर बसलेल्या धुळ्याच्या लीलाधरनं तिथं माइकवरून सांगितलं, की शालिग्रामनं एकदा नशिराबादच्या जागी नाशिक टाइप केलं आणि तपासणीचे साहेब दोन दिवस नाशिकला बसून राहिले. सगळे हसले. नाना जेवण अर्धवट सोडून जळगावला परतले.

निवृत्त कारकुनांच्या संघटनेच्या येत्या रविवारच्या बैठकीत उत्तर द्यायचं होतं. लीलाधरच्या चुकांचे चौदा मुद्दे. पण नव्या लॅपटॉपवर नानांचं काही जमेना. शेवटी पुण्याहून हेमलतानं, त्यांच्या मुलीनं, फोनवरून सांगत लॅपटॉपवर एक वेबसाइट उघडून दिली.

"नाना, ह्या पानावर तुमची जुनी विंडोज चालते. पंचाण्णव सालची."

पडद्यावर करडी बटणं आणि वाळूचं घड्याळ दिसलं, आणि नानांची बोटं आपोआप पळू लागली. तीन दिवस ते रेल्वेच्या इंग्रजीत टाइप करत होते. दर मुद्द्याला सेव्ह. शिवाय धोका नको म्हणून सगळं फ्लॉपीतही उतरवलं.

शुक्रवारी ते दाढी करून आले, तर पडद्यावर कोणी बाई केळ्याचे वेफर्स तळत होती.

"माझं पत्र कुठंय?"

"एवढ्या खिडक्या उघड्या होत्या, एक मिटली मी," नानांच्या पत्नी सुनंदाबाई म्हणाल्या. "सेव्ह केलंय ना?"

नानांनी ती वेबसाइट पुन्हा उघडली. विंडोज सुरू झाली. कोरी करकरीत, जणू आजच डब्यातून काढलेली. त्यांनी हेमलताला फोन लावला.

"नाना, तो कॉम्प्युटर खरा नाही. पानात केलेली हुबेहूब नक्कल आहे. पान मिटलं की सगळं पुसलं जातं."

"पण मी फ्लॉपीत ठेवलंय."

"लॅपटॉपला फ्लॉपीची फट कुठे आहे?"

नानांनी लॅपटॉप उचलून चारही कडा चाचपल्या. मग कागद घेऊन बसले. उठले. गॅलरीत गेले, परत आले. तेरा मुद्दे आठवले; नववा काही केल्या आठवेना. अमळनेरच्या तपासणीचं काहीतरी होतं. ते माहीत असलेला माणूस एकच होता. तासभर येरझाऱ्या घालून त्यांनी धुळ्याला फोन केला.

"लीलाधर, अमळनेरला तू काय घोळ घातला होतास?"

"कसाले?" लीलाधरनं अहिराणीत कारण विचारलं.

"तुझ्याविरुद्ध पत्र लिहितोय."

"मग नीट लिख. हजेरीपट मी गाडीत इसरी गयथू. साल नव्वद. आनि चाळीसगावनं लिखं का?"

"ते काय होतं?"

"तुले ते बी याद नही? ऱ्हाऊ दे. सकायले मी येस."

शनिवारी सकाळी लीलाधर पहिल्या एसटीनं आला. दोघं जेवायलाही उठेनात. लीलाधर सांगत होता, नाना लिहीत होते, मधूनच पोट धरून हसत होते. चौदाचे एकोणीस मुद्दे झाले. शेवटी लीलाधरनं पत्र पहिल्यापासून वाचलं, स्पेलिंगच्या चार चुका दुरुस्त केल्या आणि ऑफिसातल्या सवयीनं खाली लिहिलं, 'तपासले, मजकूर बरोबर आहे,' आणि सही ठोकली.

रविवारी अध्यक्षांनी ते पत्र तीनदा वाचलं. मग चष्मा काढून त्यांनी समोर शेजारीशेजारी बसलेल्या दोघांकडे पाहिलं आणि विचारलं, "तक्रार नेमकी कोणाची आहे?"

दोघांनीही हात वर केला.