पंधरावा मुद्दा

सकाळी अकरा वाजता शिपायाने टेबलावर फाइल ठेवली आणि उपसंचालकांच्या हातातला चहा बशीत सांडला. फाइलीत कोर्टाची नोटीस होती, आणि ती त्यांच्याच अर्जावर निघाली होती. संचालकांना मिळालेली तिसरी मुदतवाढ बेकायदा आहे, ती रद्द करा, असा तो अर्ज. नोटिशीच्या कोपऱ्यात संचालकांनी हिरव्या शाईने लिहिलं होतं, 'उपसंचालक – उत्तर तयार करावे.'

वजनमापांच्या त्या सरकारी संस्थेत येणारा प्रत्येक कागद गेली तीस वर्षं शेवटी उपसंचालकांकडेच येत असे. इतरांना लिहायचा कंटाळा, आणि संचालकांना तर ते जमतच नसे. खरं म्हणजे संचालक दोन वर्षांपूर्वीच निवृत्त व्हायला हवे होते. पण दर वर्षी 'योग्य उत्तराधिकारी उपलब्ध नाही' असा प्रस्ताव वर जाई, आणि उपसंचालकांच्या हक्काची खुर्ची आणखी एक वर्ष लांब जाई. त्यांच्या नोकरीचे आता चौदाच महिने उरले होते. जाण्याआधी एकदा त्या खुर्चीत बसायचं, एवढंच त्यांना हवं होतं.

ते तरातरा संचालकांच्या खोलीत शिरले.

"साहेब, अर्ज माझा. त्याला उत्तरही मीच लिहू?"

"मग कोण लिहिणार? मी?" संचालकांना खरोखरच आश्चर्य वाटलं. "नाही म्हणत असाल तर तसं लेखी द्या. शिस्तभंगाची नोंद करतो."

उपसंचालकांनी आपल्या वकिलांना फोन लावला. वकील म्हणाले, "लिहून टाका हो. निलंबित झालात तर अर्ज गेलाच पाण्यात. फक्त जरा मऊ लिहा."

त्यांनी मऊ लिहिलं. 'अर्जदार अनुभवी आहेत, क्वचित रागावतात.' तासाभरात कागद परत आला, मागोमाग संचालक आले.

"हे उत्तर आहे की गौरवपत्र? अर्जदार नालायक का आहे, ते मुद्देसूद येऊ द्या. उद्या बारापर्यंत."

संध्याकाळी घरी ते पाय आपटत फिरत राहिले. "माझ्याच हाताने माझाच गळा कापायचा! आणि दोष लिहू तरी काय? असायला तर हवेत!"

बायको भाजी निवडत होती. तिने ताट बाजूला सारलं. "लिहा. एक, तापट."

"मी? मी तापट?" त्यांनी वही आपटली.

"दोन, कुणाचं ऐकून घेत नाही. तीन, हाताखालच्यांना काम देत नाही, सगळं स्वतः करतो आणि मग घर डोक्यावर घेतो. लिहिताय ना? चार..."

भाजी तशीच राहिली आणि ती चौदाव्या मुद्द्यावर पोचली. एकदाही तिला आठवावं लागलं नाही. उपसंचालक दातओठ खात लिहीत होते. पण गबाळं लिहिणं त्यांच्या हाताला ठाऊकच नव्हतं. प्रत्येक मुद्द्याला त्यांनी तारीख दिली, पुरावा दिला, जावक क्रमांकसुद्धा दिला.

दुसऱ्या दिवशी संचालकांनी ते वाचलं, मान डोलावली आणि खाली स्वतःच्या हाताने एक ओळ वाढवली. '१५. अर्जदाराला साधा मसुदाही धड लिहिता येत नाही.'

उपसंचालकांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "साहेब, हे मात्र धडधडीत खोटं आहे!"

"आणि बाकीचे चौदा?" संचालकांनी विचारलं.

खटला नऊ महिने चालला. निकालाच्या दिवशी वकील त्यांच्या कानाशी लागले. "अहो, इतकं बारीकसारीक त्यांना कोणी पुरवलं? हे घरच्याच माणसाचं काम!"

"घरच्याच माणसाचं आहे."

न्यायाधीशांनी उत्तराच्या मुद्देसूदपणाचं कौतुक केलं, पंधराही मुद्दे मान्य केले आणि अर्ज फेटाळला.

दुसऱ्याच दिवशी संचालकांनी हाक मारली. "झालं गेलं विसरा. चौथ्या मुदतवाढीचा प्रस्ताव शुक्रवारी पाचच्या आत जायला हवा. नेहमीचाच मसुदा, फक्त तारखा बदला."

उपसंचालकांनी निकालाची प्रत त्यांच्यापुढे आपटली. "पान नऊ. मला साधा मसुदा लिहिता येत नाही, असं कोर्ट म्हणतंय. आता मी लिहिलं तर कोर्टाचा अवमान होईल."

"चेष्टा पुरे!"

"मग मला मसुदा उत्तम लिहिता येतो, असं तुम्ही कोर्टाला लिहून कळवा."

संचालकांनी हेडक्लार्कला बोलावलं. त्याने हात जोडले. "साहेब, हे प्रस्ताव उपसंचालकसाहेबच लिहितात. आम्ही नुसते टाइप करतो." शेवटी संचालक स्वतः दार लावून बसले. शुक्रवारी पाच वाजता त्यांच्यापुढच्या कागदावर हिरव्या शाईत 'विषय' एवढा एकच शब्द होता.

तिसरी मुदत संपली, आणि सोमवारी खुर्चीचा ताबा उपसंचालकांकडे आला. नोकरीचे पाच महिने उरले होते. घरी येऊन त्यांनी बॅग भिरकावली.

"खुर्ची मिळाली ना? मग आता कोणावर चिडलात?" बायकोने विचारलं.

"माझ्यावर! त्याच्या तिन्ही मुदतवाढी मीच लिहिल्या. 'योग्य उत्तराधिकारी उपलब्ध नाही', हे माझंच वाक्य. पहिल्याच वर्षी नुसतं पेन खाली ठेवलं असतं..."

बायको पुन्हा भाजी निवडू लागली.

"सोळा," ती म्हणाली. "उशिरा कळतं."